नंदू गुरवाचं अर्धं गाऱ्हाणं

अमेरिकेतल्या प्लेनोमध्ये दर शनिवारी कुणा ना कुणाकडे पॉटलक, म्हणजे ज्याने त्याने डबा आणायचं जेवण, असायचंच, आणि पॉटलकमधला पहिला प्रश्न ठरलेला. "मग, तुम्ही कुठे आहात?" म्हणजे कुठल्या कंपनीत. २००२ पर्यंत नंदू गुरव कंपनीचं नाव छाती काढून सांगायचा. नंतर तो "प्रिंटिंगमध्ये" असं काहीतरी पुटपुटायचा आणि लगेच भाजी वाढून घ्यायला उठायचा. समोरच्याला वाटायचं, प्रिंटर बनवणाऱ्या कंपनीत असेल बाबा. वाटू दे.

पण दीपा त्याला तसं सुटू द्यायची नाही. त्याची बायको नागपूरची, आवाज खणखणीत. "अहो प्रिंटिंग कसलं, कॉलेजात झेरॉक्स काढतो तो. आणि काय मस्त काढतो! एक पान वाकडं नाही." सगळे हसायचे, नंदूही हसायचा, पण घरी जाताना गाडीत गप्प. मग दीपाच म्हणायची, "लाज वाटते का रे? लेऑफ झाला, चोरी नाही केली. माझी नोकरी आहे, तुझी आहे, पोरगी शिकतेय. गप्प बसू नको आता, डावीकडे वळ."

"होय म्हाराजा" हे पण तिचंच. नंदूच्या गावचं, कोकणातलं. गावात देवाला गाऱ्हाणं घालतात तेव्हा गुरव एकेक वाक्य बोलतो आणि जमलेली माणसं प्रत्येक वाक्याला ओरडतात, "होय म्हाराजा!" लग्नानंतर पहिल्यांदा कातळवणे गावात गेली तेव्हा दीपाने ते ऐकलं आणि जन्मभर उचललं. नंदू म्हणाला दूध आण, "होय म्हाराजा." नंदू म्हणाला हळू चालव, "होय म्हाराजा." नागपुरी तोंडातून ते असलं विचित्र यायचं की मुलगी निधी कानावर हात ठेवायची. "मॉम, प्लीज! स्टॉप!"

तर हा नंदू. गुरवाच्या घरातला, रवळनाथाची पूजा पिढ्यान् पिढ्या ज्यांच्याकडे त्यांच्यातला. लहानपणी त्याचा आवाज असा की म्हातारी माणसं म्हणायची, बापानंतर गाऱ्हाणं हाच घालणार. पण तो पुण्याला गेला, कॉम्प्युटर शिकला, १९९७ साली अमेरिकेला आला. निघायच्या आधी वडिलांनी त्याला देवळात उभं केलं आणि त्याच्या वतीने सांगून टाकलं, की म्हाराजा, हा तुझा चाकर परदेशी चाललाय, त्याला सांभाळ, पाचव्या वर्षी तो स्वतः येऊन तुझ्यासमोर उभा राहील. माणसं म्हणाली, होय म्हाराजा. नंदूला कुणी विचारलंसुद्धा नाही! तो तेव्हा बॅगेचं वजन किती भरतंय याचा विचार करत होता.

पाचव्या वर्षी लेऑफ झाला. ग्रीन कार्डाचे कागद दीपाच्या नोकरीवर चाललेले, वकील म्हणाला आत्ता देशाबाहेर पाऊल टाकू नका. नाही गेला. २००३ मध्ये वडील गेले. तेव्हाही नाही जाता आलं. कार्ड आलं २००४ च्या शेवटी, आणि दीपा म्हणाली, "आता शिमग्याला जाऊन ये. तुझ्या त्या देवाची हजेरी देऊन टाक एकदाची."

आणि मग जानेवारी.

दीपा हॉस्पिटलच्या लॅबमध्ये टेक्नॉलॉजिस्ट होती, वीस वर्षं लोकांचं रक्त बघितलेली. दोन-तीन आठवडे थकवा होता, हातापायांवर कुठे कुठे निळं पडत होतं. एक दिवस लंचमध्ये तिने स्वतःचंच रक्त काढलं, काचेवर पसरवलं, रंग दिला आणि मायक्रोस्कोपखाली बघितलं. बघितलं आणि तिला कळलं. अजून कुठल्या डॉक्टरला माहीत नाही, नवऱ्याला नाही, पोरीला नाही, फक्त तिला. स्वतःच्या रक्तातल्या त्या मोठ्या मोठ्या वेड्यावाकड्या पेशी. तिने मायक्रोस्कोप पुसला, डबा उघडला, पोळी-भाजी खाल्ली आणि मग नंदूला फोन केला. "घरी येताना दही आण. आणि ऐक, मला ब्लड कॅन्सर आहे."

कॉलेजचं कॉपी सेंटर लायब्ररीच्या तळघरात. खिडकी नाही, चार मशिनं आणि नंदू. त्याच आठवड्यात डॉ. हार्मन नावाच्या प्रोफेसर बाईंचं काम आलं. प्राचीन जगातला धर्म असा काहीतरी कोर्स, चौतीस मुलं, चौतीस जाडजूड बाडं. मूळ पानं कुठल्या कुठल्या पुस्तकांतून काढलेली, सगळी तिरकी. ती मशिनमध्ये आपोआप जाईनात. म्हणून नंदूला एकेक पान काचेवर सरळ करून ठेवावं लागत होतं, आणि असं सरळ करताना पान वाचलंच जातं. एरवी तो काय वाचणार होता? डोकं तर हॉस्पिटलात होतं.

पण वाचलं आणि थांबला.

हिटाइट म्हणून लोक होते. आताच्या तुर्कस्तानात, तेहतीसशे वर्षांपूर्वी. त्यांचा मुर्शिली नावाचा राजा. देशात साथ आलेली, वीस वर्षं माणसं मरतायत, थांबायचं नाव नाही. आणि हा राजा देवासमोर उभा राहून काय करतो? भजन नाही, आरती नाही. सरळ केस लढतो! म्हणतो, मी काय केलंय? शपथ मोडली ती माझ्या बापाने. बरं, बापाचं पाप पोरावर येतं म्हणता, चला, मान्य. मी कबूल केलं. नोकराने कबूल केल्यावर मालकाचा राग उतरतो की नाही? मग उतरवा. आणि देवांनो, माणसंच सगळी मेली तर तुमच्यासाठी भाकरी कोण भाजणार?

नंदू एकटाच त्या तळघरात मोठ्याने हसला. भाकरी कोण भाजणार! हा राजा कुडाळ-मालवणकडचाच असणार! हे तर गाऱ्हाणं आहे, अगदी बाबा घालायचे तसं, थोडं रडत, थोडं भांडत, थोडं देवालाच अडकवत. आणि पाप शोधायची रीत पण तीच. बाबा देवाच्या दगडी छातीवर ओल्या पाकळ्या चिकटवायचे आणि प्रश्न विचारायचे. उजवी पडली तर हो, डावी पडली तर नाही. त्याला कौल म्हणतात. तिकडे हिटाइट लोक पक्षी कुठून उडतो ते बघायचे, मेंढ्याची आतडी बघायचे, आणि असंच एकेक विचारत जायचे. हे चुकलं का? नाही. ते चुकलं का? होय. एका नदीचा नैवेद्य बंद पडलेला, तो असाच सापडला. नंदू पूर्वी कंपनीत सॉफ्टवेअर टेस्टर होता, तो पण वेगळं काय करायचा? एकेक बाद करत चूक कुठे लपलीय ते शोधायचं.

संध्याकाळी त्याने दीपाला हे सांगितलं. तिची पहिली केमो चालू होती, हातात नळी, डोक्यावर निधीची लोकरीची टोपी.

"म्हणजे तुमच्या देवाचं ऑफिस तेहतीसशे वर्षांपासून असंच चालतं," दीपा म्हणाली. "तक्रार, कबुली, शिक्का."

"हसू नकोस."

"होय म्हाराजा."

फेब्रुवारीत पहिली केमो फेल गेली. डॉक्टरांनी दुसरी सुरू केली आणि आवाज जरा खाली आणून बोलायला लागले. त्याच आठवड्यात गावाहून संजयचा फोन आला. संजय म्हणजे नंदूचा थोरला भाऊ, वडिलांनंतर पूजा त्याच्याकडे.

"नंद्या, मी काल देवाक कौल लावलंय," संजय म्हणाला. "तीन वेळा इचारलंय. तिनय वेळा उजवोच पडलो."

"काय इचारलंस?"

"बाबांनी तुझ्यासाठी सांगितलेला तसाच पडान हा. पाचव्या वर्सा येतलंय म्हणान. ता रवला. तुका येवक होया नंद्या. शिमग्याक ये, देवासमोर उभो रव आणि तुझ्या तोंडान सांग."

"दादा, दीपाक सोडून कसो येव मी?"

"तिच्यासाठीच ये म्हणतंय मरे!"

नंदू काही देवभोळा नव्हता हो. अमेरिकेत आल्यावर घरात गणपतीचा एक फोटो, तो पण दीपाने लावलेला. पण बायको अशी पडली असली ना, की माणसाचं सगळं शहाणपण पातळ होतं. शिमगा म्हणजे २५ मार्च. त्याने इंटरनेटवर तिकीट शोधलं आणि बुक करून टाकलं. अठरा तारखेला जायचं, अठ्ठावीसला परत.

निधीला सांगितलं तेव्हा ती हॉस्पिटलच्या कॅफेटेरियात बसून बायोलॉजीचं काहीतरी हायलाइट करत होती. तिने पेनाचं टोपण लावलं.

"यू आर किडिंग."

"दहा दिवस फक्त, निधी."

"बाबा, तिचे ब्लड काउंट्स झीरो आहेत. झीरो! आणि तुम्ही पेटल्स पडले म्हणून इंडियाला जाणार?" तिचा आवाज फाटला. बाजूच्या टेबलावरच्या बाईने वळून बघितलं. "तुम्ही नसताना समथिंग हॅपन्स, तर मी तुम्हाला फरगिव्ह नाही करणार. आय मीन इट. एव्हर."

आणि दीपा? दीपा म्हणाली, "जा. पोरीचं मनावर घेऊ नको." हे म्हणताना तिने त्याच्या शर्टाची बाही बोटात धरलेली होती, आणि ती काही तिने सोडली नाही. नर्स आली, बीपी घेतलं, गेली. बाही हातातच.

मग काय करायचं माणसाने? राहिलं तर गाऱ्हाणं राहतं, गेलं तर दीपा. नंदू आठवडाभर जेवला नाही नीट. आणि मार्चच्या पहिल्या आठवड्यात डॉ. हार्मन बाईंच्या कोर्सचं दुसरं बाड आलं, आणि त्यात उत्तर होतं! म्हणजे नंदूला तरी तसं वाटलं. त्याच राजाची दुसरी प्रार्थना. सुरुवातीलाच म्हटलेलं, राजा स्वतः येऊ शकत नाही. राजाने लेखनिकाला पाठवलंय, हा लेखनिक रोज देवासमोर ही मातीची पाटी वाचेल, आणि शब्द राजाचे समजावेत. आणि शेवटी काय? जमलेली माणसं ओरडतात, असंच होवो. होय म्हाराजा! तेच!

बाई बाडं न्यायला आल्या तेव्हा त्याने धीर करून विचारलं. की हे लेखनिकाने वाचलेलं चालायचं का? देव मानायचा का?

डॉ. हार्मन गुडघ्यापर्यंत बूट घालणाऱ्या, घाईच्या बाई. पण थांबल्या. कॉपीवाल्या माणसाने कधी असलं विचारलं नसेल. त्या म्हणाल्या, त्यांच्या समजुतीप्रमाणे चालायचं. आवाज कुणाचाही असो, बोलणं राजाचंच.

"अँड द प्लेग?" नंदूने विचारलं. "डिड इट स्टॉप?"

"वी डोंट नो," त्या म्हणाल्या. पाटी तिथेच संपते. पुढे राजाने लढाया केल्या, राज्य चाललं, पण या प्रार्थनेला उत्तर आलं असं कुठे लिहिलेलं नाही.

हे दुसरं उत्तर नंदूने ऐकलं, पण ऐकलं नाही. त्याने तिकीट कॅन्सल केलं. बिघडलेल्या कॉप्यांच्या मागच्या कोऱ्या बाजूवर तीन पानं गाऱ्हाणं लिहिलं आणि कुडाळच्या एका झेरॉक्सवाल्याकडे फॅक्स केलं. संजय ते घेऊन आला आणि भडकला.

"कागद वाचून गाऱ्हाणा होता? तो काय तलाठ्याचो अर्ज हा?"

"दादा, राजा लोक पण असाच करीत. पुस्तकात हा."

"खंयचो राजा? आपल्या गावात राजा नाय, रवळनाथ हा. त्येका तुझो आवाज होयो."

दोघे भाऊ फोनवर बराच वेळ भांडले, आणि भांडता भांडताच वाट निघाली. आवाज हवा ना, मग आवाज देऊ. शिमग्याच्या संध्याकाळी सगळा गाव देवळापाशी जमतो. संजयच्या मुलाने नवीन मोबाइल घेतलेला. देवळात रेंज नाही, पण बाहेर दीपमाळेपाशी येते. तिथून देव समोर दिसतो. मोबाइल हातात उंच धरायचा, अमेरिकेतून नंदू बोलेल, माणसं होय म्हणतील. गावच्या चार म्हाताऱ्यांना विचारलं. ते म्हणाले, चालवून घेऊ.

२५ मार्चला सकाळी आठ वाजता, म्हणजे तिकडे संध्याकाळी साडेसात. दीपाला रात्रीपासून ताप होता. पण जागी होती, आणि टोपी तिरकी झालेली. नंदूने ती सरळ केली.

"मी जरा पार्किंगच्या वर जातो. तिथून फोन नीट लागतो. अर्धा तास."

"भाकरीचं सांग त्याला," दीपा म्हणाली. श्वास लागत होता तरी हसली. "कोण भाजेल म्हणावं."

"भाकरी तू कधी भाजलीस?"

"होय म्हाराजा." आणि डोळे मिटले.

निधी खुर्चीत पाय वर घेऊन बसलेली. तिने बापाकडे बघितलं नाही.

पार्किंगच्या सगळ्यात वरच्या मजल्यावर वारा होता, खाली हायवे वाहत होता. नंदूने सेलफोनवरून आधीच पैसे भरलेल्या कॉलिंग कार्डाचा नंबर लावला, मग पिन, मग गावचा नंबर. कार्डातली बाई म्हणाली, तुमच्याकडे सत्तेचाळीस मिनिटं आहेत. सत्तेचाळीस! भरपूर. आठ वर्षं दर रविवारी तो असलंच कार्ड वापरून घरच्या फोनवर बोलत होता. पण आज फोन मोबाइलवर होता, आणि इंडियातल्या मोबाइलला लावला की कार्डाची मिनिटं दुपटी-तिपटीने पळतात, हे प्लेनोतल्या प्रत्येक देशी माणसाला माहीत होतं. नंदूलाही माहीत होतं. डोक्यात नव्हतं फक्त.

"लागलो! नंदूचो फोन लागलो!" तिकडे गलका. ढोल. मग एकेक म्हातारा फोनवर. "नंदू, कसो आसंस?" "बायको कशी हा रे?" "थंय थंडी हा?" नाही कसं म्हणणार? बापाच्या वयाची माणसं. चार-पाच मिनिटं त्यातच गेली. मग संजयने सगळ्यांना गप्प केलं.

नंदूने चपला काढल्या. सिमेंट गार होतं. पूर्वेकडे तोंड केलं. आणि तीस वर्षांनी त्याच्या घशातून तो आवाज निघाला, बाबांचा, लांब ओढलेला.

"बा देवा रवळनाथा! तुझो हो चाकर, नंदू गुरव, आज लांबच्या मुलखात उघड्यार उभो हा रे म्हाराजा!"

गप्प. एक, दोन सेकंद. त्याला वाटलं लाइन गेली. आणि मग त्या एवढ्याशा फोनमधून सगळा गाव आला.

"होय म्हाराजा!"

नंदूच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. तो बोलत सुटला. बाबांची पद्धत अशी, की आधी नाव, मग चूक एका वाक्यात, मग मागणं. पण नंदूच्या डोक्यात दोन महिने तो राजा बसलेला. केस लढायची! एकही मुद्दा सुटता कामा नये!

"बापाशीन शब्द दिलो पाचव्या वर्साचो, तो चाकरान पाळूक नाय रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

"त्या वर्सा नोकरी गेली, सरकारी कागद अडाकले, म्हणान पाय बांधलेलो होतो रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

"बापूस गेलो, त्येच्या तोंडात पाणी घालूक पण चाकर इलो नाय रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

प्रत्येक वाक्यानंतर ती दोन सेकंदांची पोकळी, मग होकार. शब्द दिला तो बापाने, मी नाही, तरी मी कबूल करतोय. होय म्हाराजा. कबूल केलं की मालक सोडतो. होय म्हाराजा. ग्रीन कार्ड हातात आलं तरी तीन महिने निघालो नाही, ते पण कबूल. होय म्हाराजा. मध्ये फोनमध्ये काहीतरी टुंग वाजलं आणि कार्डातली बाई इंग्रजीत बोलली, एक मिनिट उरलंय. तो आपल्याच आवाजात गुंगलेला होता. एकच मुद्दा राहिला होता, भाकरीचा. तो सांगितला. होय म्हाराजा, आणि कुणीतरी हसलं पण तिकडे. मग नंदूने मोठा श्वास घेतला, कारण आता ते वाक्य. ज्याच्यासाठी हे सगळं.

"तर बा देवा, चाकराच्या घरातला दुखणा, त्येची बायको दीपा..."

आवाज आपल्याच कानात परत आला, कोरडा. फोन कानापासून काढून बघितला. कॉल एंडेड.

त्याने परत लावला. कार्डातली बाई म्हणाली, तुमच्या कार्डात पुरेशी मिनिटं नाहीत.

सगळ्या चुकांना गावाने होय म्हटलं होतं. एकेक चुकीला, मोठ्याने. आणि मागणं राहिलं.

चपला हातात घेऊन तो जिन्याने धावत खाली आला, हॉस्पिटलात शिरला, लिफ्ट. इंडियन ग्रोसरी दहाला उघडते, नवीन कार्ड आणू, परत लावू, असं काय काय डोक्यात. लिफ्टचं दार उघडलं आणि समोर निधी. तिचा चेहरा बघून त्याच्या हातातल्या चपला पडल्या.

"व्हेअर वर यू? बाबा, व्हेअर वर यू! शी कुडन्ट ब्रीद. त्यांनी तिला आयसीयूमध्ये नेलं, ट्यूब घातली, मी एकटी होते!"

"बोलत होती का?"

"ट्यूबच्या आधी बोलली."

"काय?"

निधीने ओठ दाबले. "तुम्हाला विचारत होती. मी म्हटलं बाबा वर आहेत, प्रे करतायत." आणि मग त्या अमेरिकेत वाढलेल्या पोरीने आईचं वाक्य आईच्याच नागपुरी सुरात, जसंच्या तसं सांगितलं. "म्हणाली, त्याला सांग, लवकर आटप."

दीपा त्यानंतर बोलली नाही.

दहा वाजता नंदूने कार्ड आणलं. कॅफेटेरियातून संजयच्या घरी फोन लावला. तिकडे होळी पेटून झाली होती, मागे पोरं बोंबलत होती.

"दादा, कट झाला."

"होय रे. आमका कळला." संजय थांबला. लाइनची पोकळी होती की त्याची, कोण जाणे. "मी पुरा केलंय उरलेला. तुझो कागद होतो ना माझ्या खिशात, फॅक्सचो. तो काढून वाचलंय. दीपाचा नाव घेतलंय. सगळ्यांनी म्हटल्यानी होय म्हणान. मोठ्यान म्हटल्यानी."

कागद वाचून गाऱ्हाणा होता काय, असं म्हणणारा त्याचा भाऊ. खरं वाचलं असेल? की धाकट्या भावाला बरं वाटावं म्हणून? विचारायचं त्याच्या जिभेवर होतं. त्याने विचारलं नाही.

"बरा केलंस दादा," एवढंच म्हणाला.

दीपा अठ्ठावीस तारखेला दुपारी गेली. कॅन्सल केलेल्या तिकिटाप्रमाणे नंदू त्याच दिवशी परत येणार होता. शेवटच्या दिवशी तो तिच्या उशाशी उभा राहून अगदी हळू बोलला होता, उरलेलं एक वाक्य. मशिन तिच्या छातीत हवा भरत होतं, काढत होतं. बोलून झाल्यावर तो थांबला, सवयीने. घरात त्याच्या वाक्यानंतर काय येतं ते त्याला माहीत होतं. निधी पलंगाच्या दुसऱ्या बाजूला उभी होती. तिने ऐकलं होतं सगळं. ती खिडकीकडे बघत राहिली.

त्यानंतर पॉटलक बंदच झालं. लोक यायचे डबे घेऊन, दोन-तीन महिने आले. निधी म्हणाली होती मी फरगिव्ह करणार नाही, आणि तो तर गेलाच नव्हता, तरी काहीतरी तसंच झालं. ती डॉर्मला, कॉलेजच्या वसतिगृहात, राहायला गेली. नंदूने अडवलं नाही. मंगळवारी तेवढी ती पाच वाजता कॉपी सेंटरला यायची, दोघे गाडीतून घरी जायचे, वरण-भात खायचे, आणि तो तिला परत सोडून यायचा. वाटेत रेडिओ.

ऑगस्टच्या शेवटी नवीन सेमिस्टर. डॉ. हार्मन बाईंचं काम परत आलं, तीच तिरकी पानं. या वेळी एकतीस मुलं. नंदू एकेक पान काचेवर सरळ करत होता. राजा आला, साथ आली, बाप आला, भाकरी आली. मग दुसरी प्रार्थना, लेखनिकवाली. शेवटचं पान त्याने काचेवर ठेवलं, झाकण लावलं. हिरवा उजेड कडेने सरकत गेला. त्या ओळीत माणसं ओरडत होती, असंच होवो. कोण माणसं? मेली सगळी. साथीने म्हणा, नाहीतर अशीच. तेहतीसशे वर्षं झाली, आणि त्यांच्यानंतर कुणी तरी होय म्हटलं असेल का या राजाला?

"होय म्हाराजा," नंदू म्हणाला. आवाज मोठा निघाला. तळघरात घुमला.

"हू आर यू टॉकिंग टू?"

दारात निधी. बॅग एका खांद्यावर. मंगळवार होता, तो विसरलाच होता.

"कुणाशी नाही." मग म्हणाला, "एक राजा आहे."

ती काउंटरच्या आत आली. ट्रेमध्ये पडलेलं गरम पान तिने उचललं आणि उभ्या उभ्या वाचलं, सगळं, खालपर्यंत. मग वरच्या पानांचा गठ्ठा घेतला, तो पण चाळला. नंदू मशिनकडे बघत होता. एकोणतीस. तीस.

"सो, थांबली का ती साथ?" निधीने विचारलं.

"माहीत नाही," नंदू म्हणाला. "पाटी तिथे संपते."

एकतीस. मशिन थांबलं. निधीने पान परत ट्रेमध्ये ठेवलं, बाकीच्यांच्या वर, आणि कडा हाताने सारख्या केल्या.

"बाबा, पाच वाजून गेले," ती म्हणाली. "चला."

नंदूने दिवा बंद केला.